अल्ट्रावाइड मॉनिटरवर कन्सोल: काळ्या पट्ट्या राहू द्या, मधलं चित्र नीट जमवा

प्रश्न थोडक्यात असा आहे. कॉम्प्युटरसाठी घेतलेला ३४ इंची, ३४४०×१४४० चा अल्ट्रावाइड (नेहमीपेक्षा रुंद, साधारण २१:९ गुणोत्तराचा) मॉनिटर घरात आहे. त्याला आता प्लेस्टेशन ५ जोडला, तर कधी चित्र आडवं ताणलेलं दिसतं, कधी दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतात, आणि मेनूमधली अक्षरं पुसट वाटतात. पूर्ण स्क्रीन भरून खेळता येईल का? येत नसेल तर कन्सोलसाठी वेगळा मॉनिटर घ्यावा का?

स्क्रीन भरण्याबद्दलचं उत्तर "नाही" असंच आहे, आणि ते आधी स्वीकारलं तर पुढचं सगळं सोपं जातं. पुसट अक्षरं आणि ताणलेलं चित्र हे मात्र दोन्ही सुटणारे प्रश्न आहेत. बहुतेक लोक पट्ट्या घालवण्याच्या मागे लागतात आणि जे खरंच सुधारता येण्यासारखं आहे ते तसंच राहून जातं.

प्लेस्टेशन ५, एक्सबॉक्स सिरीज एक्स आणि एस, स्विच, स्विच २ हे सगळे कन्सोल बाहेर जो सिग्नल पाठवतात तो १६:९ चा, म्हणजे रुंदी १६ तर उंची ९ अशा गुणोत्तराचा असतो. १९२०×१०८०, २५६०×१४४०, ३८४०×२१६०, अशी ठरलेली मापं आहेत. ३४४०×१४४० हे माप त्यांच्या यादीतच नाही. केबल जोडली की मॉनिटर स्वतःला काय काय चालतं याची माहिती कन्सोलला कळवतो, तिला ईडीआयडी म्हणतात. कन्सोल त्या माहितीत स्वतःच्या यादीतलं काही सापडतं का ते पाहतो आणि जुळेल ते माप निवडतो. मॉनिटरने कितीही ठासून सांगितलं की माझं मूळ रिझोल्यूशन ३४४०×१४४० आहे, तरी कन्सोलकडे ते ऐकायला कान नाहीत. कॉम्प्युटरवर ग्राफिक्स ड्रायव्हर हवं ते माप बनवून देतो, म्हणून तिथे हा प्रश्न येत नाही.

हे कन्सोल बनवणाऱ्यांच्या आळसामुळे झालं, असं मला वाटत नाही. कन्सोल मुळात टीव्हीसाठी बनतो आणि टीव्ही १६:९ चे असतात. शिवाय ३४४०×१४४० मध्ये २५६०×१४४० पेक्षा ३४ टक्के जास्त पिक्सेल आहेत. एकाच ठरावीक हार्डवेअरवर सेकंदाला ६० फ्रेम बसवण्यासाठी ज्यांनी प्रत्येक झाड आणि प्रत्येक सावली मोजूनमापून ठेवली आहे, त्यांना एवढा वाढीव भार परवडणारा नसतो. बाजूला जास्त जागा दिसायला लागली की कडेला अचानक उगवणारी पात्रं आणि कटसीनमध्ये (कथेच्या चित्रपटासारख्या प्रसंगांत) कॅमेऱ्याबाहेर नुसतीच उभी असलेली माणसंही दिसायला लागतात. ते सगळं तपासून दुरुस्त करावं लागतं.

तरी एक गोष्ट मला खटकते. तांत्रिकदृष्ट्या यातून वाट आहे, आणि ती जुनीच आहे. प्लेस्टेशन २ आणि निन्टेंडोच्या वी (Wii) या कन्सोलच्या काळात रुंद टीव्हीसाठी वेगळा सिग्नल नव्हता. गेम रुंद दृश्य काढायचा, ते आडवं दाबून नेहमीच्याच सिग्नलमध्ये बसवायचा आणि टीव्ही ते पुन्हा ताणून मूळ आकारात आणायचा. डीव्हीडीवरचे रुंद चित्रपटही असेच साठवलेले असायचे. आजही एखाद्या गेमने २१:९ चं दृश्य काढून ते १६:९ च्या सिग्नलमध्ये दाबून पाठवलं, तर मॉनिटरच्या "फुल" मोडमध्ये ते बरोबर आकारात उलगडेल. आडवी स्पष्टता थोडी कमी होईल, पण वर्तुळं वर्तुळंच राहतील. यासाठी कन्सोलच्या सिस्टीममध्ये काही बदलावं लागत नाही, गेमने तसा पर्याय द्यावा लागतो. विशेषतः रेसिंग आणि विमानांच्या गेममध्ये तो यावा असं मला मनापासून वाटतं. एक्सबॉक्स ३६० च्या काळात फोर्झा मोटरस्पोर्टमध्ये तीन कन्सोल तीन स्क्रीनना जोडून बाजूचं दृश्य दाखवण्याची सोय होती, म्हणजे रुंद दृश्याची हौस कन्सोलवाल्यांना नव्हती असं नाही.

आता ताणण्याबद्दल. मॉनिटरच्या मेनूत गुणोत्तर "फुल" किंवा "वाइड" ठेवलं की १६:९ चं चित्र रुंदीत ३४ टक्के ताणलं जातं. माणसं बुटकी होतात, गाडीची चाकं अंडाकृती होतात, आणि नेम धरून खेळायच्या गेममध्ये जास्त त्रास होतो, कारण आडवी हालचाल उभ्या हालचालीपेक्षा भरभर झाल्यासारखी दिसते. बाजूला नवीन काहीच दिसत नाही, आहे तेच रुंद होतं. काहीजण गेममधला फील्ड ऑफ व्ह्यू (दृश्याचा कोन) वाढवून वर चित्र ताणतात आणि आता २१:९ मिळालं असं समजतात. तसं होत नाही. फील्ड ऑफ व्ह्यू वाढवला तरी गेम चित्र काढतो ते १६:९ च्या हिशेबानेच, त्यामुळे ताणल्यावर वर्तुळ पुन्हा अंडाकृतीच होतं.

दुसरा उपाय म्हणून "झूम" वापरतात. त्यात चित्र आकार न बिघडवता मोठं होतं, पण वरून आणि खालून मिळून सुमारे पाव भाग कापला जातो. आयुष्याची पट्टी, नकाशा, गोळ्यांचा आकडा आणि सबटायटल नेमके त्याच भागात असतात. गेमसाठी झूम विसरून जा.

झूमचा खरा उपयोग दोन ठिकाणी होतो. एक म्हणजे चित्रपट. २.३९:१ गुणोत्तराचा चित्रपट कन्सोलवरून लावला की तो १६:९ च्या चौकटीत वर-खाली काळ्या पट्ट्यांसह येतो, आणि अल्ट्रावाइडवर डावी-उजवीकडे आणखी पट्ट्या पडतात. चित्र चारही बाजूंनी काळ्यात अडकतं आणि एवढ्या मोठ्या मॉनिटरवर छोटंसं दिसतं. झूम लावला की ते जवळपास पूर्ण पॅनेल भरतं, आणि काहीही कापलं जात नाही, कारण जे बाहेर जातं ते मुळातच काळं असतं. सबटायटल खालच्या काळ्या पट्टीत येत असतील तेवढी मात्र जातात. दुसरं ठिकाण म्हणजे वर-खाली पट्ट्या ठेवूनच बनवलेले मोजके गेम. २०१५ मध्ये प्लेस्टेशन ४ वर आलेला "द ऑर्डर: १८८६" हा १९२०×८०० वर, चित्रपटासारख्या रुंद चौकटीत काढलेला गेम आहे. ज्या मॉनिटरमध्ये झूमचा मोड आहे त्यावर तो जवळपास पूर्ण रुंदीत दिसतो. मला ठाऊक असलेल्या कन्सोल गेमपैकी अल्ट्रावाइडवर इतका फिट बसणारा दुसरा नाही.

म्हणून नेहमीच्या वापरासाठी गुणोत्तर "ओरिजिनल", "ऑटो", "१६:९" किंवा "१:१" ठेवा. प्रत्येक कंपनी याला वेगळं नाव देते. "१:१" बद्दल एक लक्षात ठेवा: त्यात चित्र मोठं न करता पिक्सेलला पिक्सेल दाखवलं जातं, त्यामुळे १०८०पी (१९२०×१०८०) चा सिग्नल १४४० उंचीच्या पॅनेलवर चारही बाजूंनी पट्ट्यांसह, लहान दिसतो. १४४०पी (२५६०×१४४०) चा सिग्नल आला तर "१:१" आणि "ओरिजिनल" यांत काही फरक पडत नाही.

इथे एक अडचण हमखास येते. पुष्कळ मॉनिटरमध्ये अ‍ॅडाप्टिव्ह सिंक किंवा फ्रीसिंक (मॉनिटरचा रिफ्रेश रेट गेमच्या फ्रेमशी जुळवून घेणारी सोय) चालू असलं की गुणोत्तराचा पर्याय करडा पडतो, बदलताच येत नाही. काहींमध्ये एचडीआर (उजेड-अंधाराचा जास्त पल्ला दाखवणारा मोड) चालू झालं की तसंच होतं. लोकांना वाटतं मॉनिटर बिघडला. आधी मॉनिटरच्या मेनूत अ‍ॅडाप्टिव्ह सिंक बंद करा, गुणोत्तर बदला, मग सिंक पुन्हा चालू करून पाहा. काही मॉनिटर निवड लक्षात ठेवतात, काही पुन्हा चित्र ताणतात. ताणत असेल तर दोन्हीपैकी एक निवडावं लागेल. मी अशा वेळी बरोबर आकार निवडतो. फ्रेमचा बारीक अडखळा डोळा काही वेळाने विसरतो, पण चपटे चेहरे शेवटपर्यंत दिसत राहतात.

पुसट अक्षरांचं मूळ वेगळं आहे. प्लेस्टेशन ५ वर १४४०पी ची सोय सुरुवातीला नव्हती, ती सप्टेंबर २०२२ च्या अपडेटने आली. त्याआधी १४४० उंचीच्या मॉनिटरला हा कन्सोल १०८०पी पाठवायचा, आणि मॉनिटर ते १.३३ पट मोठं करायचा. एका पिक्सेलचे दीड पिक्सेलही होत नाहीत आणि दोनही होत नाहीत, म्हणून प्रत्येक कड धूसर होते. तुमच्याकडे आजही तेच होत असण्याची शक्यता मला सगळ्यात जास्त वाटते. कारण कित्येक अल्ट्रावाइड मॉनिटर एचडीएमआयवरून स्वतःच्या माहितीत ३४४०×१४४० आणि १९२०×१०८० सांगतात, पण मधलं २५६०×१४४० सांगतच नाहीत. मग "ऑटोमॅटिक" वर ठेवलेला कन्सोल १०८०पी वर घसरतो.

हे तपासणं सोपं आहे. सेटिंग्जमध्ये स्क्रीन अँड व्हिडिओ, तिथे व्हिडिओ आउटपुट. व्हिडिओ आउटपुट इन्फर्मेशनमध्ये आत्ता काय जातंय ते लिहिलेलं असतं. तिथे १९२०×१०८० दिसलं तर त्याच भागात १४४०पी आउटपुट तपासण्याचा पर्याय आहे, तो चालवा. चित्र आलं आणि तुम्ही होकार दिलात की रिझोल्यूशनमध्ये १४४०पी हाताने निवडा. आता मॉनिटरच्या माहितीच्या पट्टीतही २५६०×१४४० दिसलं पाहिजे. पॅनेलच्या ३४४० पैकी मधले २५६० उभे स्तंभ वापरले जातील, दोन्ही बाजूंना ४४०-४४० रिकामे राहतील, आणि प्रत्येक पिक्सेल आपापल्या जागी बसल्यामुळे अक्षरं धारदार होतील. जे गेम आत त्याहून जास्त रिझोल्यूशनवर चित्र काढतात त्यांच्या कडा उलट अधिक गुळगुळीत दिसतात, कारण ते मोठं चित्र १४४०पी मध्ये लहान करून येतं.

चाचणीत काळा स्क्रीन आला, तर मॉनिटरवरचा दुसरा एचडीएमआय पोर्ट वापरून पाहा. दोन पोर्ट दिसायला सारखे असले तरी आतून नेहमी सारखे नसतात. मॉनिटरच्या मेनूत एचडीएमआयची आवृत्ती निवडायची सोय असेल तर तीही बदलून पाहा. काही मॉनिटर ४के सिग्नल स्वीकारून स्वतः लहान करून दाखवतात. १४४०पी जमत नसेल तेव्हा तो मार्ग बरा. १०८०पी मोठं करण्यापेक्षा २१६०पी लहान केलेलं केव्हाही चांगलं दिसतं, पण अशा वेळी बहुधा ६० हर्ट्झवरच (सेकंदाला ६० चित्रं) थांबावं लागतं.

एक्सबॉक्सच्या बाबतीत हा त्रास कमी आहे. १४४०पी आणि फ्रीसिंक एक्सबॉक्स वन एस आणि एक्स यांच्यावर २०१८ पासूनच आहेत, आणि सिरीज एक्स व एस वर टीव्ही अँड डिस्प्ले ऑप्शन्समध्ये रिझोल्यूशन आणि रिफ्रेश रेट सरळ निवडता येतात. ओळख चुकत असेल तर तिथे ऑटो-डिटेक्ट डावलून एचडीएमआय निवडण्याचीही सोय आहे. पहिला स्विच डॉकमधून जास्तीत जास्त १०८०पी देतो, त्यामुळे १४४० उंचीच्या पॅनेलवर तो थोडा मऊ दिसणारच, त्यावर इलाज नाही. स्विच २ डॉकमधून ४के ६० हर्ट्झला, किंवा १४४०पी आणि १०८०पी १२० हर्ट्झपर्यंत देतो. त्याचं व्हीआरआर (बदलता रिफ्रेश रेट, म्हणजे फ्रीसिंकसारखीच सोय) मात्र हातातल्या स्क्रीनपुरतं आहे, डॉकमधून मिळत नाही.

व्हीआरआरची बाब निघालीच आहे तर सांगतो, कारण खोक्यावर "फ्रीसिंक" वाचून मॉनिटर घेतलेल्यांची इथे निराशा होते. एक्सबॉक्सला एचडीएमआयवरचं फ्रीसिंक समजतं. प्लेस्टेशन ५ ला ते समजत नाही, त्याला एचडीएमआय २.१ मधलं व्हीआरआरच लागतं. एप्रिल २०२२ मध्ये व्हीआरआर आलं आणि १४४०पी वर ते मार्च २०२३ पासून चालतं. तुमच्या मॉनिटरला एचडीएमआय २.० असेल तर १४४०पी ला १२० हर्ट्झ बहुतेक मिळेल, तेवढी वाट त्या केबलमध्ये आहे, पण प्लेस्टेशनवर व्हीआरआर मिळेल अशी आशा धरू नका.

रंगांचं एक तपासून घ्या. काळ्या पट्ट्या इथे तुमच्या कामी येतात. पट्टीतला काळा रंग मॉनिटर स्वतः काढतो, तर चित्रातला काळा कन्सोलकडून येतो. लोडिंगचा पूर्ण काळा स्क्रीन आला की पट्टी आणि चित्र यांची सीमा पाहा. चित्रातला काळा राखाडी दिसत असेल आणि सीमा स्पष्ट कळत असेल, तर आरजीबी रेंज (काळ्यापासून पांढऱ्यापर्यंतचा पल्ला) जुळलेली नाही. कन्सोल मर्यादित रेंज पाठवतोय आणि मॉनिटर पूर्ण रेंज समजून दाखवतोय. दोन्हीकडे एकच ठेवा, मॉनिटरसाठी शक्यतो "फुल". उलट अंधाऱ्या दृश्यांत सगळं एकाच काळ्या डागासारखं दिसत असेल, तर गडबड विरुद्ध दिशेची आहे. साध्या १६:९ मॉनिटरवर अशी तुलना करायला शेजारी काही नसतं.

आता वेगळा मॉनिटर घ्यावा का? यासाठी मी नेहमी एकच हिशेब सांगतो: अल्ट्रावाइडचे इंच विसरा, त्याची उंची पाहा. कन्सोलला तेवढीच उंची मिळते. ३४ इंची अल्ट्रावाइडमध्ये मधलं चित्र साधारण २७ इंची मॉनिटरएवढं असतं. २९ इंचीत २३ इंची मिळतं. ३८ इंचीत सुमारे ३० इंची, ४० इंची ५१२०×२१६० मध्ये जवळपास ३२ इंची, ४५ इंचीत ३५ इंची. आणि ४९ इंची ३२:९ चा अवाढव्य मॉनिटर कन्सोलसाठी पुन्हा २७ इंचीच, त्याचा बरोबर अर्धा भाग रिकामा.

म्हणजे तुमच्याकडे आत्ता कन्सोलसाठी २७ इंची १४४०पी मॉनिटर आहेच. दुसरा २७ इंची घेऊन काहीही हाती लागणार नाही. बदल करायचाच तर तो ४के आणि एचडीएमआय २.१ असलेल्या ३२ इंचीसाठी किंवा टीव्हीसाठी करा, आणि तोही कन्सोलवरच जास्त वेळ जात असेल तर. मुख्य वापर कॉम्प्युटरचा असेल तर आहे तो मॉनिटर ठेवा.

आणि ज्यांच्याकडे अजून काहीच नाही, फक्त कन्सोल आहे, त्यांनी अल्ट्रावाइड घेऊ नये. पॅनेलच्या चौथ्या भागाचे पैसे मोजून तो कायम बंद ठेवण्यात अर्थ नाही. दोन्ही यंत्रांसाठी एकच मॉनिटर हवा असेल तर ५१२०×२१६० चे मॉनिटर मला सर्वांत योग्य वाटतात, कारण त्यात कन्सोलचं पूर्ण ३८४०×२१६० जसंच्या तसं बसतं, दोन्ही बाजूंना ६४०-६४० पिक्सेल सोडून. ३८४०×१६०० हे माप कॉम्प्युटरवर सुंदर आहे, पण कन्सोलच्या कुठल्याच मापाशी जुळत नाही. १४४०पी देखील तिथे १.११ पट ताणून मऊ होतं.

दोन यंत्रं शेजारी-शेजारी दाखवणारा पीबीपी मोड ३२:९ वर उपयोगी पडतो: अर्ध्यात कन्सोलचं २५६०×१४४०, अर्ध्यात कॉम्प्युटर. ३४ इंचीवर मात्र तो १७२०-१७२० असे दोन भाग करतो, आणि अशा उभट चौकटीत १६:९ चं चित्र फार लहान होतं. काही मॉडेलमध्ये असमान भाग करता येतात, तुमच्यात ती सोय असेल तर जरूर वापरा. पीबीपी चालू असताना बहुतेक मॉनिटर व्हीआरआर, एचडीआर आणि वरचा रिफ्रेश रेट बंद करतात, तेव्हा वेगवान गेमसाठी तो नको.

पॅनेलच्या प्रकाराचाही (आयपीएस, व्हीए की ओएलईडी) थोडा विचार करा. आयपीएसवर अंधाऱ्या खोलीत पट्ट्या किंचित उजळ दिसतात, व्हीएवर बऱ्यापैकी गडद, ओएलईडीवर पूर्ण काळ्या. मागे मंद दिवा लावला की आयपीएसवरचा उजेडही फारसा जाणवत नाही. ओएलईडीवर पट्ट्या सगळ्यात देखण्या दिसतात, पण धोकाही तिथेच आहे. कडेचे पिक्सेल बंद राहतात आणि मधले झिजत राहतात. वर्षानुवर्षं रोज तासन्‌तास असंच खेळलात, तर पुढे पूर्ण रुंदीचा पांढरा स्क्रीन उघडल्यावर मधला भाग कडांपेक्षा निस्तेज दिसू शकतो. कन्सोल आणि कॉम्प्युटर यांचा वापर साधारण निम्मा-निम्मा असेल तर मी यासाठी झोप उडवून घेणार नाही. पॅनेल स्वतःहून करत असलेली देखभालीची फेरी मधेच तोडू नका आणि मॉनिटर भिंतीवरच्या बटणाने बंद करू नका, कारण ती फेरी बहुधा मॉनिटर स्टँडबायमध्ये असतानाच चालते.